जेम्स प्रिंटर: प्युरिटनांच्या छापखान्यातला निपमक जुळारी

फर्मा

अमेरिकेतल्या छपाईचा विषय निघाला की पहिलं नाव येतं बेंजामिन फ्रँकलिनचं. पण त्याच्या जन्माच्या जवळजवळ पन्नास वर्षं आधी, १६५९ साली, मॅसॅच्युसेट्समधल्या केंब्रिजच्या छापखान्यात निपमक जमातीचा एक मुलगा उमेदवारीला लागला. त्याचं नाव वोवॉस. इंग्रज त्याला जेम्स म्हणत. पुढे धंदाच आडनाव झाला आणि तो जेम्स प्रिंटर म्हणून ओळखला जाऊ लागला. गेले काही महिने या माणसाबद्दल मिळेल ते वाचतोय, आणि त्याच्याबद्दल मराठीत कुणीतरी सविस्तर लिहायला हवं असं फार वाटतं, म्हणून हा धागा.

आधी छापखान्याची गोष्ट. १६३८ मध्ये ग्लोव्हर नावाचे एक प्युरिटन (म्हणजे कडक सुधारणावादी प्रॉटेस्टंट पंथाचे) पाद्री इंग्लंडहून निघाले. जहाजावर मुद्रणयंत्र, खिळे (छपाईची शिशाची सुटी अक्षरं), कागद आणि कामासाठी करारावर घेतलेला स्टीफन डे. ग्लोव्हर वाटेतच वारले. यंत्राची मालकी त्यांच्या विधवेकडे, एलिझाबेथकडे आली आणि केंब्रिजला, नुकत्याच निघालेल्या हार्वर्ड कॉलेजच्या शेजारी, छापखाना उभा राहिला. डे धंद्याने कुलूपकार होता. १६३९ मध्ये पहिला कागद छापला गेला तो नागरिकांच्या शपथेचा (त्याची एकही प्रत आज उरलेली नाही), मग एक पंचांग, आणि १६४० मध्ये स्तोत्रांचं पुस्तक, ज्याला आज 'बे साम बुक' म्हणतात. १,७०० प्रती काढल्या होत्या, त्यातल्या ११ शिल्लक आहेत. एक २०१३ मध्ये लिलावात १ कोटी ४१ लाख डॉलरच्या वर गेली.

त्या पुस्तकाची छपाई ओबडधोबड आहे. पानाच्या माथ्यावरचा एकच शब्द डाव्या पानावर एका वर्तनीत, उजव्या पानावर दुसऱ्या. पण प्रस्तावनेतला बाणा पाहा. भाषांतर करणारे पाद्री सांगतात की देवाच्या वेदीला आमच्या झिलईची गरज नाही. मूळ हिब्रूशी इमान राखायचं, मग चाल अडखळली तरी चालेल. प्युरिटन मंडळींचा सगळा धर्म या एका वाक्यात आहे असं मला वाटतं. मूर्ती नाही, चित्र नाही, धूप नाही. देव आणि माणूस यांच्यामध्ये फक्त पुस्तक.

आता वोवॉसकडे येतो. जॉन एलियट नावाच्या पाद्रीबाबांनी संपूर्ण बायबल तिथल्या मूळ रहिवाशांच्या, म्हणजे मॅसॅच्युसेट-वाम्पानोआग लोकांच्या भाषेत आणलं. नवा करार १६६१ ला आणि पूर्ण ग्रंथ १६६३ ला छापून झाला. अमेरिका खंडात छापलेलं हे पहिलं संपूर्ण बायबल. इंग्रजी नव्हे, स्पॅनिश नव्हे, या भाषेतलं. कागद, पैसा, जादा खिळे सगळं लंडनहून, १६४९ मध्ये तिथल्या मूळ रहिवाशांत धर्मप्रसार करण्यासाठी स्थापन झालेल्या संस्थेकडून. छापखाना चालवत होता सॅम्युएल ग्रीन. १६६० मध्ये मार्मड्यूक जॉन्सन नावाचा कसलेला मुद्रक लंडनहून मदतीला आला. आणि खिळ्यांच्या पेटीपुढे उभा होता वोवॉस.

ज्यांनी हाताने खिळे जुळवलेले पाहिलेत त्यांना या कामाची कल्पना येईल. एकेक अक्षर उलटं, आरशातल्यासारखं, डाव्या हातातल्या पट्टीत लावत जायचं. ओळ भरली की फटी घालून ताठ करायची, पान झालं की बांधायचं, छापून झालं की सगळे खिळे सोडवून परत आपापल्या कप्प्यात. त्यात ही भाषा लांबलचक जोडशब्दांची. तीस-तीस अक्षरांचे शब्द येतात. एका स्वरासाठी तर दोन 'ओ' चिकटवलेला वेगळा खिळा लागे. ग्रीन आणि जॉन्सन यांना त्या मजकुरातलं अक्षरही कळत नव्हतं, त्यामुळे चूक पकडणार कोण? वोवॉसच. निपमक आणि वाम्पानोआग या सख्ख्या भाषा, त्याला वाचताक्षणी अर्थ लागायचा.

वीस वर्षांनी, दुसऱ्या आवृत्तीच्या वेळी, एलियटनी लंडनला शास्त्रज्ञ रॉबर्ट बॉइलला पत्र लिहिलं. त्याचा मथितार्थ: समजून-उमजून खिळे जुळवणारा आणि मुद्रितं (प्रुफं) तपासणारा एकच माणूस आमच्याकडे आहे, तो इंडियन मुद्रक. (इंडियन म्हणजे अमेरिकेतला मूळ रहिवासी.) एवढं कबूल करूनही पत्रात त्याचं नाव लिहिलेलं नाही. मला ही गोष्ट फार लागली.

सदाफुली

छान विषय. एक विचारू का? पुस्तकावर एवढा भर म्हणजे सगळ्यांनी वाचायला शिकलंच पाहिजे. बायका, नोकर, मुलं सगळ्यांना शिकवत होते का? त्या काळी युरोपातही निम्म्याहून जास्त लोक निरक्षर असणार.

फर्मा

@सदाफुली, हो, आणि कायद्याने. १६४२ मध्ये मॅसॅच्युसेट्सने आईबापांवर आणि मालकांवर मुलांना वाचायला शिकवण्याची जबाबदारी टाकली. १६४७ चा कायदा त्याच्या पुढचा: पन्नास घरांच्या गावाने शिक्षक नेमायचा, शंभर घरं झाली की लॅटिन शाळा काढायची. कायद्याच्या सुरुवातीलाच कारण दिलंय. माणसाला धर्मग्रंथापासून दूर ठेवणं हा त्या जुन्या ठकसेन सैतानाचा मुख्य डाव आहे, म्हणून वाचन.

मुली वाचायला शिकायच्या, पण लिहायला शिकवलं जाईलच असं नाही. तेव्हा वाचन आणि लेखन या दोन निरनिराळ्या विद्या होत्या. वाचन घरात, आईच्या किंवा शेजारच्या बाईच्या हाताखाली. लेखन मास्तरांकडे, आणि ते जास्त करून मुलांना. म्हणजे देवाचं ऐकायला शिकवत होते. उत्तर द्यायला शिकवतीलच असं नव्हतं.

कोकणकडा

हे शेवटचं वाक्य पटलं. याच समाजाने १६३७ मध्ये अ‍ॅन हचिन्सनवर खटला भरला. तिचा गुन्हा काय, तर घरी बायका-पुरुष जमवून रविवारच्या प्रवचनावर चर्चा करायची आणि कुठल्या पाद्रीचं कुठे चुकलं ते सांगायची. स्वतः वाचून स्वतः अर्थ लावला की हे होणारच. तिला वसाहतीबाहेर काढलं.

छापखान्यावरही तीच नजर. विल्यम पिंचन, ज्याने स्प्रिंगफील्ड गाव वसवलं, त्याने १६५० मध्ये येशूच्या बलिदानाचा वेगळा अर्थ सांगणारं पुस्तक लंडनमध्ये छापलं. प्रती बॉस्टनला पोचताच भर बाजारात जाळल्या. दोन वर्षांत तो गाशा गुंडाळून इंग्लंडला परतला. क्वेकर या दुसऱ्या ख्रिस्ती पंथाची पुस्तकं तर बाळगणंही गुन्हा होता, आणि १६६० मध्ये मेरी डायर या क्वेकर बाईला फाशी दिलं. १६६२ पासून काय छापायचं ते आधी नेमलेल्या माणसांना दाखवणं सक्तीचं. १६७५ पर्यंत बॉस्टन शहरात छापखाना चालू झाला नव्हता, सगळं केंब्रिजला, हार्वर्डच्या डोळ्यासमोर.

वर्तमानपत्राचं तर विचारूच नका. २५ सप्टेंबर १६९० ला बेंजामिन हॅरिसने वसाहतीतलं पहिलं वृत्तपत्र काढलं. चार पानांपैकी तीन छापलेली, चौथं मुद्दाम कोरं. वाचणाऱ्याने आपली बातमी त्यावर लिहून अंक पुढच्याला द्यावा ही कल्पना! चारच दिवसांत सरकारने बंदी घातली. दुसरा अंक निघालाच नाही.

सदाफुली

कोऱ्या पानाची कल्पना केवढी सुंदर आहे. १६९० मध्ये!

मांडवीकाठ

गोव्याची आठवण काढल्याशिवाय राहवत नाही. जुन्या गोव्यात सेंट पॉल कॉलेजात छापखाना आला १५५६ मध्ये, केंब्रिजच्या ८२ वर्षं आधी. तो खरं तर इथिओपियाला निघालेला, गोव्यातच राहिला. आणि थॉमस स्टीफन्सचं क्रिस्तपुराण १६१६ मध्ये राशोलला छापलं गेलं, इंग्रज वसाहतवाल्यांना मॅसॅच्युसेट्सला नेणारं मेफ्लॉवर जहाज निघण्याच्या चार वर्षं आधी. लेखक इंग्रज, पण जेझुइट (कॅथलिक संघाचा पाद्री), म्हणजे प्युरिटनांच्या लेखी पक्का शत्रू. ओव्या मराठी, लिपी रोमन, कारण देवनागरी खिळे नव्हते.

दोन्हीकडे पाद्र्यांना वाटत होतं की लोकांच्या भाषेत सांगितल्याशिवाय धर्म रुजणार नाही. पण गोव्यात १६८४ मध्ये व्हाइसरॉयने स्थानिक भाषा सोडून पोर्तुगीज बोला असा हुकूम काढला. मॅसॅच्युसेट्समध्ये एलियटच्या बायबलचं पुढे काय झालं?

फर्मा

@मांडवीकाठ, त्याच उत्तराकडे येत होतो.

एलियटनी धर्मांतरितांची वेगळी गावं वसवली. पहिलं नाटिक, १६५१ मध्ये. १६७४ पर्यंत अशी चौदा झाली. वोवॉसचं हसानामेसिट त्यातलंच. केस कापायचे, इंग्रजी धर्तीची घरं, इंग्रजी कायदे. ही माणसं मग दोन्ही बाजूंना परकी झाली.

१६७५ मध्ये वाम्पानोआगांचा प्रमुख मेटाकॉम, ज्याला इंग्रज किंग फिलिप म्हणत, त्याच्याशी युद्ध पेटलं. सुरुवातीच्या महिन्यांतच वोवॉस आणि त्याच्या सोबत्यांवर लँकेस्टर गावावरच्या हल्ल्याचा खोटा आळ आला. गळ्यात दोर बांधून त्यांना बॉस्टनला चालवत नेलं. कोर्टाने वोवॉसला निर्दोष ठरवलं तरी बाहेर जमाव फाशी मागत होता. ज्याने या लोकांचा धर्मग्रंथ अक्षर-अक्षर जुळवला त्याच्या गळ्यात दोर! त्याच वर्षी शेकडो धर्मांतरित इंडियनांना बॉस्टनच्या बंदरातल्या डिअर बेटावर नेऊन ठेवलं. हिवाळा, निवारा नाही, अन्न नाही. कितीतरी तिथेच मेले. एलियटचा दुसरा मदतनीस जोब नेसुटन इंग्रजांच्या बाजूने लढताना मारला गेला.

नोव्हेंबरमध्ये मेटाकॉमच्या बाजूचे निपमक योद्धे हसानामेसिटला आले आणि तिथल्या लोकांना घेऊन गेले. वोवॉस त्यांच्याबरोबर गेला. स्वखुशीने की बळजबरीने, यावर अभ्यासक अजून वाद घालतात. उपाशी राहायचं किंवा बेटावर मरायचं, असा पर्याय समोर असताना 'स्वखुशी' कशाला म्हणायचं हा माझा प्रश्न आहे.

पुढच्या वर्षी मेडफील्ड गाव जळलं तेव्हा पुलाला एक चिठ्ठी लावलेली सापडली, इंग्रजीत. आशय असा: तुम्ही आम्हाला चिडवलंत, आता एकवीस वर्षं लढावं लागलं तरी फिकीर नाही. आमच्यापाशी जिवाशिवाय गमवायला काही नाही, तुमच्यापाशी मात्र घरं आहेत, गुरं आहेत. खाली सही नाही. पण ती वोवॉसच्या हातची असावी असं अनेकांचं मत आहे. छापखान्यात शिकलेली विद्या कुठे कामाला आली बघा.

बॉस्टनकर_मधुरा

मी मॅसॅच्युसेट्समध्येच राहते. हसानामेसिट म्हणजे आजचं ग्राफ्टन. गावात तीन-चार एकरांचा एक तुकडा आजही निपमक लोकांच्या ताब्यात आहे आणि तो कधीच त्यांच्या हातून गेलेला नाही. एवढ्या मोठ्या मुलुखातून एवढंच उरलं, हे तिथे उभं राहिलं की अंगावर येतं.

हार्वर्डबद्दल एक भर. १६५० च्या सनदेतच 'इंग्रज आणि इंडियन तरुणांच्या' शिक्षणाचा उल्लेख आहे. त्यासाठी विटांची एक इमारत बांधली, इंडियन कॉलेज. विद्यार्थी बोटावर मोजण्याइतके आले. केलब चीशाहतिओमक १६६५ मध्ये पदवीधर झाला आणि वर्षभरात क्षयाने गेला. छापखाना मात्र त्याच इमारतीत थाटला होता. १६९८ मध्ये ती पाडली. नंतरच्या उत्खननात तिथल्या मातीत शिशाचे खिळे मिळाले. त्यातला एखादा वोवॉसच्या बोटातून गेलेला असणार.

रानवाट

माहिती उत्तम, पण मला या सगळ्या सुरात अडचण आहे. बायबल छापणं हा वसाहतवादाचाच भाग होता. आधी जमीन घेतली, मग देव घेतला, मग भाषेत स्वतःचं पुस्तक ओतलं. वोवॉसला 'मुद्रक' म्हणून गौरवताना आपण हे तर विसरत नाही ना, की त्याच्याकडून त्याच्याच लोकांचं मन मोडण्याचं काम करून घेतलं गेलं? एलियटला इंडियनांचा प्रेषित म्हणून अजूनही पुजतात. कॉकेनो नावाचा माणूस, ज्याने एलियटला ही भाषा शिकवली, तो पेकोट युद्धात (इंग्रज आणि पेकोट जमात यांच्यातल्या लढाईत) पकडलेला कैदी होता हे किती जण सांगतात?

फर्मा

@रानवाट, कॉकेनोबद्दल लिहिलंत हे फार बरं केलंत, माझ्याकडून राहून गेलं असतं. एलियटला डोक्यावर घ्यायची माझीही इच्छा नाही. पण दोन गोष्टी सांगतो.

एक, ते पुस्तक पाद्र्यांच्या हातात राहिलं नाही. वाम्पानोआग लोक त्यातून वाचायला आणि लिहायला शिकले, आणि पुढची शंभर वर्षं त्यांनी स्वतःच्या भाषेत जमिनीचे व्यवहार, मृत्युपत्रं, तक्रारअर्ज लिहिले. जमिनी लुबाडल्या जात असल्याच्या तक्रारीसुद्धा. उरलेल्या काही बायबलांच्या समासात वाचणाऱ्यांनी लिहून ठेवलंय. कुणी नुसतं नाव आणि 'हे माझं पुस्तक'. एकाने लिहिलंय की मी या जगातला दीन माणूस आहे, हे पुस्तक मला नीट वाचता येत नाही. हे वाचलं तेव्हा बराच वेळ दुसरं काही वाचवेना. या ओळी लिहायला कुठल्याही पाद्रीने सांगितलं नव्हतं.

दोन, एकोणिसाव्या शतकात ही भाषा बोलणारं कुणी उरलं नाही. १९९३ मध्ये जेसी लिटल डो बेअर्ड या माशपीच्या वाम्पानोआग बाईंनी ती परत उभी करायला घेतली, त्यासाठी एमआयटीत भाषाशास्त्र शिकल्या. त्यांचा आधार हेच बायबल आणि हेच दस्तऐवज. आज मुलं पुन्हा ती भाषा शिकताहेत. जिथे प्रत्येक शब्द बरोबर जुळलाय तिथे तो वोवॉसच्या नजरेखालून गेलाय.

रानवाट

समासातल्या नोंदींची गोष्ट माहीत नव्हती. तरीही भाषा वाचली ती एलियटच्या हेतूमुळे नव्हे, त्या लोकांनी पुस्तक आपलंसं केलं म्हणून, एवढं वेगळं नोंदवतो.

फर्मा

अगदी मान्य.

शिळाप्रेस

मराठीशी याचा थेट धागा आहे म्हणून लिहितोय. १८१० मध्ये मॅसॅच्युसेट्सच्या काँग्रिगेशनल चर्चच्या मंडळींनी, म्हणजे याच प्युरिटनांच्या वारसांनी, परदेशी मिशनसाठी मंडळ स्थापलं. एलियटला ते आपला पूर्वसूरी मानत. त्यांची पहिली माणसं, गॉर्डन हॉल आणि सॅम्युएल नॉट, १८१३ मध्ये मुंबईला उतरली. कंपनी सरकार त्यांना हाकलायला निघालं होतं, मोठ्या मिनतवारीने राहता आलं. १८१६-१७ मध्ये त्यांचा छापखाना सुरू झाला आणि मराठी पुस्तिका निघू लागल्या. १८२६ ला संपूर्ण नवा करार मराठीत. १८४२ मध्ये अहमदनगरहून 'ज्ञानोदय' हे नियतकालिक. याच मंडळाच्या मदतीने १८२८ मध्ये अमेरिकेत चेरोकी या मूळ रहिवासी जमातीचं त्यांच्या स्वतःच्या लिपीतलं वृत्तपत्र सुरू झालं.

आणि मुंबईच्या छापखान्यातही तेच घडलं जे केंब्रिजला. गणपत कृष्णाजींनी अमेरिकन मिशनची छपाई पाहून स्वतःचं शिळायंत्र (दगडावरून छापणारं यंत्र) उभारलं आणि १८३१ मध्ये पहिलं छापील मराठी पंचांग काढलं. मिशनच्या छापखान्यात टॉमस ग्रॅहमच्या हाताखाली सुबक देवनागरी खिळे तयार झाले. त्याच छापखान्यात जावजी दादाजी लहानपणी कामाला लागले, आणि १८६९ मध्ये त्यांनी निर्णयसागर हा स्वतःचा छापखाना काढला. संस्कृत ग्रंथांच्या ज्या देखण्या आवृत्त्या आपण अजून जपून ठेवतो, त्यांच्यामागची विद्या मिशनच्या खिळ्यांच्या कारखान्यातून आली. आणलं एकाने एका कामासाठी, वापरलं दुसऱ्याने आपल्या कामासाठी.

कोकणकडा

वा! फरक एवढाच की जावजींना स्वतःचा छापखाना काढता आला. वोवॉसला ती वाट कधीच मोकळी नव्हती.

सदाफुली

पण युद्धानंतर वोवॉसचं काय झालं? ते राहिलंच.

फर्मा

@सदाफुली, सांगतो. १६७६ च्या वसंतात मेरी रोलंडसन या लँकेस्टरच्या पाद्रीच्या बायकोच्या सुटकेची बोलणी चालली तेव्हा निपमकांच्या बाजूने पत्र लिहिणाऱ्यांत वोवॉस होता. ती वीस पौंडांच्या खंडणीवर सुटली. त्या उन्हाळ्यात बॉस्टनने जाहीर केलं की चौदा दिवसांत शरण येतील त्यांना दया दाखवू. वोवॉस आला, आणि काही काळाने ग्रीनच्या छापखान्यात परत कामाला लागला.

१६८२ मध्ये रोलंडसनबाईंनी आपल्या कैदेची हकिकत लिहिली. त्या काळातलं ते सर्वात गाजलेलं पुस्तक. त्यात धर्मांतरित इंडियनांबद्दल कडवट मजकूर आहे, खंडणीच्या वाटाघाटींचा तपशीलही आहे. केंब्रिजची आवृत्ती ग्रीनच्याच छापखान्यातून निघाली. खिळे वोवॉसने जुळवले असावेत असं अनेक अभ्यासक म्हणतात. तसं असेल तर स्वतःच्या लोकांची निंदा त्याने अक्षरा-अक्षराने, उलटी, हातात धरून लावली.

१६८५ ला बायबलची दुसरी आवृत्ती निघाली, कारण पहिलीच्या पुष्कळ प्रती युद्धात जळल्या-हरवल्या होत्या. आणि १७०९ मध्ये एक्सपीरियन्स मेह्यूने भाषांतरित केलेली स्तोत्रं बॉस्टनला छापली गेली, एका रकान्यात वाम्पानोआग, शेजारी इंग्रजी. मुखपृष्ठाच्या तळाशी मुद्रक म्हणून दोन नावं आहेत: बी. ग्रीन आणि जे. प्रिंटर. उमेदवारीला पन्नास वर्षं झाल्यावर पहिल्यांदा.

बॉस्टनकर_मधुरा

एलियट बायबलच्या प्रती इथल्या काही जुन्या ग्रंथालयांत आहेत, आधी कळवून वेळ घेतली तर काही ठिकाणी दाखवतात. @फर्मा, स्तोत्रांच्या त्या पुस्तकाचं मुखपृष्ठ बघायला मिळालं तर फोटोची परवानगी विचारून इथे टाकते. @शिळाप्रेस, टॉमस ग्रॅहम आणि जावजींवर वेगळा धागा काढा, खिळे नेमके कसे पाडत ते वाचायचं आहे.

शिळाप्रेस

काढतो. पंच कसा कापत, साचा कसा ठोकत, तिथूनच सुरुवात करतो.